हेसूस हिल : सभासदांच्या क्लबचे मालक झालेले अध्यक्ष
माद्रिदच्या अ‍ॅटलेटिको फुटबॉल क्लबचे १९८७ ते २००३ या काळातील अध्यक्ष हेसूस हिल हे मूळचे बांधकाम व्यावसायिक. १९६९ मध्ये त्यांच्या वसाहतीतील उपाहारगृह कोसळून ५८ जणांचा बळी गेला. त्यांना तुरुंगवास झाला. मात्र हुकूमशहा फ्रँको यांनी माफी दिली.

प्रशिक्षक बदलण्याची त्यांची घाई कुप्रसिद्धच होती. १९९६ मध्ये लीग व चषक दोन्ही जिंकणारा संघ २००० मध्ये दुसऱ्या श्रेणीत घसरला.

कर्जबाजारी क्लबांना कंपनीचे रूप देणाऱ्या कायद्यानुसार १९९२ मध्ये सभासदांच्या या क्लबचे बहुसंख्य समभाग हिल यांच्याकडे आले. ते प्रत्यक्ष पैसे न गुंतवता बळकावल्याचा निष्कर्ष सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये काढला. परंतु कायदेशीर मुदत उलटून गेल्याने शिक्षा टळली. निकालाच्या काही आठवडे आधीच, १४ मे रोजी हिल यांचे निधन झाले होते. समभाग कुटुंबाकडेच राहिले.