मोटर जळाली, स्टार्टर शाबूत

उन्हाळा आला की वायंडिंगच्या दुकानापुढे जळालेल्या मोटरी येऊन पडतात, आणि प्रत्येक मालकाचं म्हणणं एकच: ‘लाईटच खराब.’ लाईट खराब असतेच, नाही असं नाही. पण खराब लाईट आणि मोटर यांच्यामध्ये एक राखणदार पेटीत बसवलेला असतो. त्याला आपण काय समजतो, त्यावर बरंच अवलंबून आहे.

गैरसमज : स्टार्टर म्हणजे मोठं बटण.

हिरवं बटण दाबलं की आतल्या कॉइलला वीज मिळते, तिचं चुंबक होतं आणि ते तिन्ही फेजचे कॉन्टॅक्ट ओढून धरतं. बोट काढलं तरी मोटर चालू राहते, कारण सोबत ओढला गेलेला एक छोटा कॉन्टॅक्ट त्याच कॉइलला वीज देत राहतो. लाल बटण ही साखळी तोडतं. लाईट गेली तरी ती तुटते, आणि लाईट परत आली तरी मोटर आपली आपण उठत नाही. ही मुद्दाम केलेली सोय आहे. हिरव्या बटणात काडी खोचणारे आणि ऑटोस्विच लावणारे नेमकी तीच मोडतात. मग लाईट येताच एका डीपीवरच्या सगळ्या मोटरी एकदम सुटतात, आणि थेट सुरू होताना मोटर नेहमीच्या सहा-सात पट करंट ओढते. महावितरण ‘ऑटोस्विच काढा’ म्हणून सांगत असतं ते उगाच नव्हे.

गैरसमज : एक फेज गेला की मोटर बंद पडते.

सगळ्यांत महागडा समज हा. उभी मोटर दोन फेजवर सुरू होत नाही, नुसती घुरघुरते, हे सर्वांनी पाहिलेलं असतं. म्हणून चालतीही थांबेल असं वाटतं. ती थांबत नाही. पाणीही पडत राहतं. साध्या स्टार्टरची कॉइल दोनच फेजवर जोडलेली असते. गेलेला फेज तिसरा असेल तर तिला पत्ताही लागत नाही. इकडे 5 एचपीची, साडेसात अँपिअर घेणारी मोटर उरलेल्या दोन तारांतून 13 किंवा त्याहून जास्त ओढू लागते. करंट पावणेदोन पट, पण उष्णता वर्गाने वाढते, म्हणजे तिप्पट.

गैरसमज : फ्यूज आहे ना!

सुरू होतानाचा 45-50 अँपिअरचा झटका सोसायला फ्यूजची तार जाडच घालावी लागते. तिला 13 अँपिअर किस झाड की पत्ती! फ्यूज वायर वाचवतो. मोटर वाचवतो तो स्टार्टरमधला रिले: त्यातली दोन धातूंची पट्टी सावकाश तापते, त्यामुळे क्षणाचा झटका ती सोसते आणि रेंगाळणारा जादा करंट मात्र तिला वाकवतो.

गैरसमज : रिले सारखा पडतो, काटा वाढवा.

रिले पडतो म्हणजे तो काहीतरी सांगतोय: फेज गेलाय, व्होल्टेज पडलंय (कमी व्होल्टेजला मोटर तेच पाणी ओढायला जास्त करंट घेते) किंवा बेअरिंग धरलंय. किती अँपिअरला पडायचं ते ठरवणारा हा काटा पुढे सरकवणं म्हणजे भुंकणाऱ्या कुत्र्याचं तोंड बांधणं. आणखी एक खोच आहे. स्टार-डेल्टा स्टार्टरमध्ये रिले बहुधा वायंडिंगच्या वाटेवर असतो. तिथून लाईनच्या करंटचा फक्त 58 टक्के भाग जातो. म्हणजे 14 अँपिअरच्या मोटरला काटा साधारण 8 वर हवा. जाणत्या वायरमनकडूनही तो 14 वर राहून जातो.

गैरसमज : स्टार-डेल्टाने वीज वाचते.

नाही. मोटर आधी स्टारमध्ये सुरू केल्याने सुरुवातीचा झटका एक तृतीयांश होतो, उचलायची ताकदही तेवढीच घटते. डेल्टावर गेल्यावर मोटर तीच.

आता एक करा. मेन फ्यूज काढून (लाईट कधीही येते) स्टार्टर उघडा आणि रिलेचा काटा मोटरच्या प्लेटवरच्या अँपिअरच्या आकड्याशी (रिले वायंडिंगच्या वाटेवर असलेल्या स्टार-डेल्टात त्याच्या 58 टक्क्यांशी) ताडून पाहा. सबमर्सिबल असेल तर प्लेट बोअरच्या तळाशी गेलेली. तो आकडा खरेदीच्या कागदांत शोधा.