संगणकाचा पडदा आणि खेळाचें माप

नवी वस्तु घरांत आली कीं तिच्या पाठोपाठ नवी तक्रारहि येते, हा प्रपंचांतील नेहमींचाच अनुभव आहे. चांगली किंमत मोजून मुलासाठीं नवा लॅपटॉप आणावा, त्याचा पडदा जुन्या यंत्राहून कितीतरी तेजस्वी व रेखीव असावा, आणि त्यावर मुलानें आपला आवडता खेळ लावतांच चित्र अंधुक दिसावें, किंवा त्याचा उजवीकडचा व खालचा भाग पडद्याबाहेर निघून जावा, किंवा अक्षरें मुंगीएवढीं व्हावीं! अशा वेळीं दुकानदारानें फसविलें असें वडिलांना वाटतें, ग्राफिक्स कार्ड अपुरें पडतें असें मुलाला वाटतें, आणि पोराचे डोळे तर बिघडले नाहींत ना, अशी शंका आईच्या मनांत येते. वस्तुतः या तीन तर्कांपैकीं बहुधा एकहि खरा नसतो. यंत्र निर्दोष असतें, डोळेहि शाबूत असतात. बिघडलेली असते ती केवळ मापांची जुळणी. ती कशी बिघडते हें एकदां ध्यानांत आलें म्हणजे दुरुस्तीस एक पैसाहि लागत नाहीं; न आलें तर मात्र हजारों रुपयांची अनावश्यक खरेदी होऊन बसते. म्हणून या विषयाचा थोडा मुळापासून विचार करणें अवश्य आहे.

संगणकाचा पडदा म्हणजे ठिपक्यांची एक विशाल रांगोळीच होय. या ठिपक्यांस पिक्सेल म्हणतात. सामान्य लॅपटॉपच्या पडद्यावर आडव्या ओळींत १९२० व उभ्या रांगेंत १०८० असे एकंदर २०,७३,६०० ठिपके असतात. ज्यास ‘फोर-के’ म्हणतात त्या पडद्यावर ३८४० गुणिले २१६०, म्हणजे ८२,९४,४०० ठिपके असतात. ही संख्या पहिलीच्या बरोबर चौपट आहे. ठिपक्यांची संख्या पडदा तयार होतांनाच कायमची ठरलेली असते. मागाहून कोणत्याहि युक्तीनें त्यांत एकाचीहि भर घालतां येत नाहीं.

आतां, ठिपके तेवढेच राहून पडद्याचा आकार बदलला तर काय होतें? १९२० गुणिले १०८० ठिपके २४ इंची पडद्यावर पसरले तर एका इंचांत सुमारें ९२ ठिपके बसतात. तेच १५·६ इंची लॅपटॉपवर सुमारें १४१ बसतात. आणि त्याच आकाराचा पडदा फोर-के असला तर इंचास सुमारें २८२ होतात. एखादें अक्षर १६ ठिपके उंच काढलें, तर पहिल्या पडद्यावर त्याची उंची सुमारें ४·४ मिलिमीटर भरेल. शेवटच्या पडद्यावर तेंच अक्षर दीड मिलिमीटरहि भरणार नाहीं. पडदा जितका बारीक विणीचा, तितकें अक्षर लहान, असा हा सरळ हिशेब आहे.

या अडचणीवर विंडोज कार्यप्रणालीनें काढलेली तोड म्हणजे स्केलिंग, अर्थात् प्रमाणवाढ. इंचास ९६ ठिपके हें माप शंभर टक्के धरून, दाट ठिपक्यांच्या पडद्यावर सर्व वस्तु १२५, १५० अथवा २०० टक्के मोठ्या काढावयाच्या, ही ती योजना. ज्या प्रोग्रामांस या योजनेची जाणीव असते ते स्वतःच मोठीं व रेखीव अक्षरें काढतात. परंतु जुन्या प्रोग्रामांस ती जाणीव कोठून असणार? त्यांच्यासाठीं २००७ सालीं बाजारांत आलेल्या विंडोज व्हिस्टापासून एक सोयीचें असत्य बोलण्याची रीति सुरू झाली. पडदा १९२० गुणिले १०८० चा असून प्रमाण १५० टक्के असलें, तर विंडोज अशा प्रोग्रामास सांगते कीं, “पडदा १२८० गुणिले ७२० चाच आहे.” प्रोग्राम बिचारा तेवढेंच चित्र काढतो, आणि विंडोज तें ताणून दीडपट करते.

चित्र अंधुक होतें तें याच ठिकाणीं. दीडपट करणें म्हणजे दोन ठिपक्यांच्या जागीं तीन ठिपके भरणें. शेजारच्या दोन ठिपक्यांपैकीं एक काळा व एक पांढरा असेल, तर नव्या तिघांतील मधल्यानें कोणता रंग घ्यावा? तो दोहोंचें मिश्रण होऊन करडा बनतो, आणि प्रत्येक रेषेच्या कडेला अशी करडी झालर लागली म्हणजे सबंध चित्रावर धुकें पसरल्यासारखें वाटतें. चौकटी आखून लहान नकाशाचा मोठा नकाशा करतांना रेषा चौकटीच्या मधोमध पडली कीं विद्यार्थ्याची जी तारांबळ उडते, तीच येथें लाखों ठिपक्यांच्या बाबतींत उडते.

खेळांच्या बाबतींत हा घोटाळा आणखी एक पायरी पुढें जातो. लिहिण्याचा अथवा हिशेबाचा प्रोग्राम दिलेल्या चौकटींत निमूटपणें राहतो. खेळ मात्र सारा पडदा आपलाच समजून वागतो. त्याच्या जुन्या नोंदींत १९२० गुणिले १०८० हें माप असतें; तेवढेंच चित्र तो काढतो, आणि विंडोज तेंहि आपल्या नियमाप्रमाणें दीडपट करावयास जाते. त्यास २८८० गुणिले १६२० ठिपक्यांची जागा हवी. ती आणावयाची कोठून? मग रुंदीचा दोन-तृतीयांश व उंचीचा दोन-तृतीयांश, म्हणजे चित्राच्या नऊ भागांपैकीं अवघे चार भाग दिसतात आणि बाकीचे पडद्याबाहेर राहतात. कधीं चित्र नीट दिसतें, पण बटण एका जागीं आणि माउसचा बाण दुसऱ्याच जागीं काम करतो. तेंहि याच दोन मापांच्या भांडणाचें फळ होय.

यावर पुष्कळ जण जो उपाय करतात तो असा, कीं सबंध संगणकाचें प्रमाण शंभर टक्क्यांवर आणून ठेवावयाचें. खेळ त्यानें सुधारतो हें खरें. पण त्याच यंत्रावर घरांतील आजोबा सकाळीं वर्तमानपत्र वाचीत असतील, तर त्यांच्या दृष्टीनें ही शिक्षाच ठरते. एकाच्या करमणुकीसाठीं दुसऱ्याचें वाचन बंद पाडण्याचें वास्तविक कांहींच कारण नाहीं; कारण हा नियम प्रत्येक प्रोग्रामापुरता वेगळा करतां येतो. खेळाची जी मूळ फाइल असते, जिच्या नांवाच्या शेवटीं ‘ईएक्सई’ हीं अक्षरें असतात, तिच्यावर राइट-क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’ निवडावें. तेथें ‘कंपॅटिबिलिटी’ या पानावर ‘चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज’ हें बटण असतें. तें दाबून उघडणाऱ्या चौकटीच्या तळाशीं ‘ओव्हरराइड हाय डीपीआय स्केलिंग बिहेवियर’ यापुढें खूण करावी, आणि खालच्या यादींतून ‘अॅप्लिकेशन’ हा शब्द निवडावा. याचा अर्थ इतकाच, कीं या खेळाचें माप खेळानेंच पाहावें, विंडोजनें त्यांत हात घालूं नये. २०१७ सालच्या सुधारणेपासून विंडोज १० मध्यें व पुढें विंडोज ११ मध्यें ही यादी याच स्वरूपांत आहे. यानंतर खेळ बंद करून पुन्हां सुरू करावा.

येथें एक सावधगिरी पाळावी लागते. स्टीमसारख्या दुकानांतून घेतलेला खेळ पुष्कळदां आधीं एक लहानसा दरवाजा उघडतो, आणि खरा खेळ त्यामागून सुरू होतो. खूण दरवाज्यावर केली व खेळावर केली नाहीं, तर कांहींच फरक पडत नाहीं, आणि उपायच खोटा असें वाटूं लागतें. स्टीममध्यें खेळाच्या नांवावर राइट-क्लिक करून ‘मॅनेज’ व नंतर ‘ब्राउझ लोकल फाइल्स’ असें निवडलें म्हणजे खेळाचा फोल्डर उघडतो. मूळ फाइल तेथें शोधावी. या दुरुस्तीनंतर चित्र रेखीव झालें पण अक्षरें फार लहान झालीं, तर खेळाच्या स्वतःच्या सेटिंग्जमध्यें ‘यूआय स्केल’ नांवाची सोय आहे काय तें पाहावें. ती नसल्यास त्याच यादींतील ‘सिस्टिम’ हा पर्याय घेऊन थोडें धुकें पत्करावें. डोळ्यांस ताण देण्यापेक्षां तें बरें.

दुसऱ्या प्रकारची तक्रार मापाची नसून आकाराची असते. १९९७ सालीं निघालेला ‘एज ऑफ एम्पायर्स’ हा खेळ याचें चांगलें उदाहरण आहे. त्याचें चित्र ६४० गुणिले ४८०, ८०० गुणिले ६०० किंवा १०२४ गुणिले ७६८ ठिपक्यांचें असे. या तिन्हींत रुंदी व उंची यांचें प्रमाण चारास तीन असें आहे. हल्लींचे बहुतेक पडदे सोळास नऊ या प्रमाणाचे असतात. जुनें चित्र त्यांवर काठोकाठ ताणलें कीं रुंदी एक-तृतीयांशानें वाढते; वर्तुळाचें लंबवर्तुळ होतें आणि घोडेस्वार बुटके व स्थूल दिसूं लागतात. यावर उपाय ग्राफिक्स कार्डाच्या नियंत्रण-पानावर असतो. एनव्हिडियाच्या पानावर ‘अॅडजस्ट डेस्कटॉप साइझ अँड पोझिशन’ या ठिकाणीं ‘फुल-स्क्रीन’ ऐवजीं ‘अॅस्पेक्ट रेशो’ निवडावें. इतर कंपन्यांच्या ड्रायव्हरांतहि अशीच सोय असते. मग १०८० ठिपके उंचीच्या पडद्यावर चित्र १४४० ठिपके रुंद राहतें आणि दोन्ही बाजूंस २४० ठिपक्यांच्या काळ्या पट्ट्या दिसतात. या पट्ट्या पाहून पडदा वायां गेला असें समजूं नये. चित्रकारानें जें चित्र काढलें तें यथातथ्य पाहण्याची ती किंमत आहे.

त्याहून जुन्या खेळांत आणखी एक गंमत असते. १९९० सालीं डॉसवर आलेल्या ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’चें चित्र ३२० गुणिले २०० ठिपक्यांचें आहे, परंतु त्या काळच्या काचेच्या पडद्यावर तें चारास तीन या प्रमाणांत दिसे, म्हणजे त्यांतील प्रत्येक ठिपका रुंदीहून थोडा उंच असे. आजचे ठिपके चौरस आहेत. म्हणून तो खेळ जसाच्या तसा दाखविला तर राजपुत्राच्या उंचीचा सहावा हिस्सा नाहींसा होतो. डॉसबॉक्स या प्रोग्रामांत ही प्रमाण-दुरुस्ती चालू करण्याची सोय आहे, तिचा उपयोग करावा.

अशा जुन्या, मोजक्या ठिपक्यांच्या चित्रांस मोठें करण्याची उत्तम रीति म्हणजे पूर्णांकी प्रमाणवाढ. एका ठिपक्याच्या जागीं दोन गुणिले दोन किंवा तीन गुणिले तीन असे त्याच रंगाचे ठिपके भरले, तर मिश्रणाचा प्रश्नच उद्भवत नाहीं व कडा धारदार राहतात. ६४० गुणिले ४८० चें चित्र दुप्पट केलें कीं १२८० गुणिले ९६० होतें, आणि सामान्य पडद्यावर सुखानें मावतें. एनव्हिडियानें ही सोय २०१९ च्या ऑगस्टमध्यें आपल्या त्या वेळच्या नव्या कार्डांसाठीं दिली. इंटेल व एएमडी यांनींहि ती त्याच वर्षीं आणली. फोर-के पडद्याचा एक गुण येथें उपयोगी पडतो. १९२० गुणिले १०८० ची दुप्पट आणि १२८० गुणिले ७२० ची तिप्पट, दोन्ही त्यावर तंतोतंत बसतात.

तिसरा दोष खेळाच्या पोटांतच असतो. पडद्याचें माप बरोबर असून चित्र अंधुक दिसत असेल, तर ‘रेंडर स्केल’ अथवा ‘रिझोल्यूशन स्केल’ हा आंकडा तपासावा. तो ५० टक्के असला तर खेळ १९२० गुणिले १०८० ऐवजीं ९६० गुणिले ५४०, म्हणजे एक-चतुर्थांश ठिपकेच काढतो व मग तें चित्र मोठें करतो. यंत्रावरचा भार त्यानें हलका होतो, हें खरें. म्हणून खेळ पुष्कळदां आपण होऊनच तो आंकडा खालीं आणतो. डीएलएसएस व एफएसआर या नव्या पद्धति हेंच काम अधिक चतुराईनें करतात. त्यांत ‘परफॉर्मन्स’ ऐवजीं ‘क्वालिटी’ निवडल्यास रेखीवपणा वाढतो.

चौथा दोष संगणक दिवाणखान्यांतील टेलिव्हिजनला जोडल्यावर दिसतो. चित्राच्या चारी कडा कापल्या जातात आणि कोंपऱ्यांतील गुणसंख्या दिसेनाशी होते. जुन्या काचेच्या टेलिव्हिजनांत कडा वेड्यावांकड्या दिसूं नयेत म्हणून चित्र थोडें मोठें करून दाखवीत. ती संवय नव्या संचांनींहि टिकवून धरली आहे. हा दोष संगणकांत शोधण्यांत अर्थ नाहीं. टेलिव्हिजनच्याच रिमोटवरून ‘पिक्चर साइझ’ उघडून ‘जस्ट स्कॅन’, ‘स्क्रीन फिट’ किंवा ‘फुल पिक्सेल’ यांपैकीं जें नांव असेल तें निवडावें.

तात्पर्य, तपासणीचा क्रम असा ठेवावा : प्रथम विंडोजमध्यें पडद्याचें रिझोल्यूशन ‘रेकमेंडेड’ असें लिहिलेल्या आंकड्यावर आहे ना, तें पाहावें, नंतर खेळाच्या फाइलीवरील खूण, त्यानंतर खेळांतील माप व रेंडर स्केल, मग ग्राफिक्स कार्डाचें प्रमाण, आणि टेलिव्हिजन असल्यास त्याची चौकट. एका वेळीं एकच गोष्ट बदलावी, म्हणजे गुण कशानें आला तें कळतें. विंडोजमध्यें नवें माप निवडल्यावर पडदा काळा झाला तरी घाबरून बटणें दाबूं नयेत. संमति न मिळाल्यास पंधरा सेकंदांत विंडोज पूर्वींचें माप परत आणते.

इतकें करूनहि खेळ अडखळत चालत असेल, तर मात्र यंत्राच्या शक्तीचा प्रश्न विचारांत घ्यावा. चित्र अंधुक दिसणें व चित्र अडखळणें हे दोन वेगळे रोग आहेत. पहिल्याचें औषध दुकानांत मिळत नाहीं, आणि दुसऱ्याचें औषध घेण्यापूर्वीं पहिला बरा झाला आहे ना, याची खात्री करून घेणें शहाणपणाचें आहे. अंगरखा अंगास बसला नाहीं म्हणून कोणी कापडाला दोष देत नाहीं; आधीं माप पाहिलें जातें. संगणकाच्या बाबतींतहि हाच न्याय लावला, तर मुलाचा खेळ, आजोबांचें वाचन आणि घराचा पैसा, हीं तिन्ही सुखरूप राहतील.