न घसरणारा पट्टा

वऱ्हाडाला पट्टा नवा नाही. रेल्वे आली, कापसाच्या गाठी मुंबईकडे जाऊ लागल्या आणि अकोला, खामगाव, अमरावती या गावांत जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने उभे राहिले, तेव्हापासून इथल्या माणसाचा पट्ट्याशी रोजचा संबंध आहे. छताखाली एक लांब शाफ्ट फिरायचा आणि त्यावरून रुंद, चपटे पट्टे खाली सरकी काढणाऱ्या एकेका रेच्याकडे उतरायचे. पुढे पिठाची गिरणी आली, विहिरीवरचे डिझेल इंजिन आले, मळणीयंत्र आले. या सगळ्या ठिकाणी पट्टा धरून राहतो तो घर्षणाने. भार जास्त झाला की तो घसरतो, चिरकतो, जळका वास सोडतो. चालवणारा कान टवकारतो, यंत्र थांबवतो, पट्ट्याला राळ लावतो किंवा तो कापून पुन्हा जोडतो. रेच्यात काही अडकले तर पट्टा निसटून पडतो आणि यंत्र वाचते. घसरणे हा त्या पट्ट्याचा दोष वाटतो, पण यंत्राची राखण त्यानेच होते. चार-पाच पिढ्यांच्या या सहवासातून एक समजूत घट्ट झाली आहे : पट्टा खराब होण्याआधी सांगतो.

जुन्या मोटारीच्या इंजिनात मात्र वेगळ्या जातीचा पट्टा असतो आणि तो काहीच सांगत नाही. टायमिंग बेल्ट म्हणजे आतून दाते असलेला रबराचा पट्टा. तो घसरू नये यासाठीच त्याला दाते दिलेले असतात. तो चिरकत नाही, हळूहळू ढिला पडून गाडी ओढेनाशी करत नाही. शेवटच्या क्षणापर्यंत काम चोख करतो आणि मग एकदम संपतो. माझे म्हणणे असे की, अमरावती-अकोल्याच्या रस्त्यांवर धावणाऱ्या जुन्या गाड्यांच्या बाबतीत हा पट्टा दुर्लक्षित राहण्याचे मोठे कारण निष्काळजीपणा नाही. चपट्या पट्ट्याकडून मिळालेले, त्याच्यापुरते अगदी खरे असलेले शहाणपण आपण या पट्ट्यालाही लावतो. या पट्ट्याचे शहाणपण वेगळे आहे आणि ते दोन गोष्टींत सामावले आहे : त्याला वय मोजून बदलावे, आणि बसवल्यावर खुणा पाहूनच इंजिन चालू करावे.

त्याचे काम समजले की हा आग्रह कशासाठी ते कळते. चार टप्प्यांच्या इंजिनात क्रँकशाफ्टच्या दोन फेऱ्यांत एक चक्र पूर्ण होते : हवा-इंधन आत घेणे, दाबणे, जाळणे, धूर बाहेर टाकणे. म्हणून व्हॉल्व्ह उघडणारा वरचा कॅमशाफ्ट तेवढ्या वेळात नेमकी एक फेरी घेतो. खालच्या पुलीला जितके दाते, त्याच्या दुप्पट वरच्या पुलीला. मिनिटाला ३,००० फेऱ्या धरल्या तर क्रँक सेकंदाला ५० वेळा फिरतो आणि प्रत्येक व्हॉल्व्ह सेकंदाला २५ वेळा उघडून मिटतो. अमरावतीहून अकोल्यापर्यंतच्या दीड तासात याच गतीने क्रँकच्या २,७०,००० फेऱ्या होतात आणि त्यांतल्या एकाही फेरीत वरच्या-खालच्या शाफ्टची जोडी एका दात्यानेही चुकून चालत नाही. दातेरी पट्ट्याची ही कल्पना मोटारीसाठी जन्मली नव्हती. १९४०च्या दशकात अमेरिकेत शिलाई मशीनची सुई आणि बॉबिन यांचा मेळ अचूक राहावा म्हणून असा पट्टा तयार झाला. १९६२ साली जर्मनीच्या ग्लास कंपनीने तो मोटारीच्या कॅमशाफ्टसाठी वापरला. भारतात अँबॅसडर आणि पद्मिनीच्या इंजिनांत साखळी होती. डिसेंबर १९८३ मध्ये मारुती ८०० रस्त्यावर आली आणि तिच्या तीन सिलिंडरच्या ७९६ सीसी इंजिनाबरोबर हा पट्टा गावोगाव पोहोचला. मागून ओम्नी, झेन, एस्टीम आल्या. १९९८ साली आलेल्या सँट्रो आणि डिझेल इंडिका याही पट्ट्याच्याच. एमएच २७ किंवा एमएच ३० पाटीच्या जुन्या छोट्या गाड्यांच्या बॉनेटखाली आजही बहुतेक वेळा हाच पट्टा सापडतो.

हा पट्टा नुसत्या रबराचा नसतो. ताण सोसतात त्या आतल्या काचतंतूंच्या बारीक दोऱ्या. रबर त्यांना धरून ठेवते आणि दात्यांना आकार देते. उष्णतेने रबर कडक होत जाते, दात्यांच्या बुडाशी तडे जातात. शाफ्टच्या तेलसीलातून ऑइल झिरपले तर रबर फुगते आणि दाते निखळू लागतात. कव्हरचा एखादा बोल्ट हरवलेला असेल किंवा मागच्या कामात कव्हरच कुणी काढून ठेवले असेल, तर काळ्या मातीची बारीक धूळ पुली आणि पट्ट्याच्या मध्ये शिरते. उन्हाळ्यात पारा ४५ अंशांच्या वर जाणाऱ्या आणि पेरणीपर्यंत धुळीने माखलेल्या मुलखात या तिन्ही गोष्टींना अनुकूल हवा मिळते. म्हणूनच केवळ किलोमीटर मोजणे इथे फसवे ठरते. कंपन्यांच्या पुस्तिकांत या पट्ट्याचे आयुष्य साधारणपणे ६० हजार ते १ लाख किलोमीटर किंवा ठरावीक वर्षे, जे आधी येईल ते, असे सांगितलेले असते. जुनी गाडी वर्षाकाठी फार तर चार-पाच हजार किलोमीटर चालते. मालक म्हणतो, अजून अर्धेही अंतर झाले नाही. पण रबराचे वय गाडी उभी असतानाही वाढत असते.

यावर पहिला आक्षेप सरळ आहे : चालती गाडी कशाला खोलायची? नीट चाललेल्या यंत्राला हात लावू नये हे कारागिराचे जुने सूत्र आहे आणि पुष्कळ ठिकाणी ते बरोबरही आहे. क्लचप्लेट झिजली की गाडी ओढत नाही, बेअरिंग गेले की आवाज येतो, ब्रेकशू संपले की खरखर होते. तिथे वाट पाहता येते, कारण बिघाड आणि नुकसान यांच्यामध्ये अवधी असतो. टायमिंग बेल्टच्या बाबतीत हा अवधीच नसतो. चालत्या गाडीत पट्टा तुटला की कॅमशाफ्ट असेल तिथे थांबतो, काही व्हॉल्व्ह उघडेच राहतात, आणि खालून पिस्टन मात्र गाडीच्या वेगाने वर येत राहतात. काही पेट्रोल इंजिनांत दोघांमध्ये पुरेशी जागा सोडलेली असते. तिथे गाडी नुसती बंद पडते. डिझेलमध्ये दाब इतका जास्त ठेवावा लागतो की पिस्टन वर आल्यावर जागा जवळजवळ उरतच नाही. तिथे व्हॉल्व्ह वाकतात, हेड उतरवावे लागते, कधी पिस्टनलाही मार बसतो. परतवाड्याहून चिखलदऱ्याचा घाट चढताना-उतरताना हे घडले तर प्रश्न खर्चापुरता राहत नाही. इंजिन बंद झाल्यावर ब्रेकला मिळणारी मदत दोन-तीनदा पेडल दाबल्यावर संपते आणि मग पाय दुप्पट जोराने रोवावा लागतो.

कव्हर उघडून पट्टा पाहावा, चांगला दिसला तर ठेवावा, असेही सुचवले जाते. तडे दिसले तर पट्टा गेलाच असे समजावे, हे खरे. पण तडे दिसले नाहीत म्हणून तो चांगला, हे खरे नाही. ताण सोसणाऱ्या दोऱ्या रबराच्या आत असतात आणि त्यांची अवस्था बोटाने चाचपून कळत नाही. अखेर पट्टा कधी बसवला याची नोंद हाच भरवशाचा पुरावा उरतो.

आता कामाकडे येऊ, कारण या विषयातले खरे कौशल्य तिथे आहे. छोट्या पेट्रोल गाडीत बॅटरीची तार सोडवून सुरुवात होते. मग फॅनबेल्ट, बाहेरची पुली, त्यामागचे प्लास्टिकचे कव्हर. स्पार्क प्लग काढून ठेवले की इंजिन हाताने हलके फिरते. क्रँकच्या बोल्टवर पाना लावून, इंजिन ज्या दिशेने चालते त्याच दिशेने ते सावकाश फिरवायचे. खालच्या पुलीवरची खूण ऑइल पंपाच्या अंगावरच्या खुणेसमोर आणि वरच्या पुलीवरची खूण आतल्या कव्हरवरच्या खुणेसमोर आली की थांबायचे. जुन्या इंजिनात या खुणा काजळीत आणि तेलात बुडालेल्या असतात. त्या रॉकेलच्या बोळ्याने पुसून पांढऱ्या रंगाचा ठिपका दिला की नजर चुकत नाही. मगच टेन्शनर ढिला करून जुना पट्टा काढायचा. नवा पट्टा दुमडायचा किंवा पिळायचा नाही, कारण आतले काचतंतू बाहेरून न दिसता मोडतात. पुलीवर तो स्क्रू ड्रायव्हरने रेटायचाही नाही. ओढीची बाजू ताठ ठेवून तो चढवायचा, ढिलाई टेन्शनरच्या बाजूला येऊ द्यायची आणि स्प्रिंगला तिचा ताण घेऊ द्यायचा. यानंतर येतो सगळ्यात महत्त्वाचा टप्पा : पाना लावून क्रँक हाताने पूर्ण दोन फेरे फिरवायचा. एका फेऱ्यात वरची पुली अर्धीच फिरते आणि तिची खूण उलट बाजूला जाते. दोन फेऱ्यांनीच दोन्ही खुणा पुन्हा आपापल्या जागी येतात. त्या तशा आल्या, तर काम बरोबर. फिरवताना मध्येच कडक अडले, तर पिस्टन व्हॉल्व्हला भिडला आहे असे समजून थांबायचे. स्टार्टरने हीच परीक्षा घेतली असती तर व्हॉल्व्ह वाकून उत्तर मिळाले असते.

हे दोन फेरे पुष्कळदा वगळले जातात. जाणता मिस्त्री म्हणतो, गाडी चालू केली की आवाजावरूनच कळते. अनुभवी कानाला बरेच कळते, यात शंका नाही. पण कान इथे कमी पडतो, याचे कारण इंजिनाच्या रचनेतच आहे. खालच्या पुलीला समजा २० दाते असतील, तर एका दात्याची चूक म्हणजे क्रँकचा १८ अंशांचा फरक. एवढ्याने पुष्कळ इंजिने चालू होतात. कार्बोरेटरच्या जुन्या गाड्यांत ठिणगी देणारा डिस्ट्रिब्युटर कॅमशाफ्टवरच फिरतो. त्यामुळे पट्टा एक दाता चुकला की ठिणगीची वेळही चुकते, आणि डिस्ट्रिब्युटर थोडा फिरवला की ती पुन्हा जुळते. गाडी उभ्या जागी गोड चालते, कान समाधानी होतो. व्हॉल्व्ह मात्र अजूनही चुकीच्या वेळी उघडत असतात. पिकअप पडते, अ‍ॅव्हरेज घटते, इंजिन गरम होऊ लागते आणि दोष कार्बोरेटरला दिला जातो. गॅरेजात ठिणगीची जुळवणी आणि पट्ट्याची जुळवणी, दोन्हींना ‘टायमिंग’ हाच शब्द असल्याने हा घोटाळा आणखी पक्का होतो. ठिणगीचे टायमिंग फिरवून बसते; पट्ट्याचे टायमिंग फक्त खुणांवर बसते.

आणखी एक आक्षेप पैशाचा, आणि तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. ज्या गाडीला बाजारात फारशी किंमत उरली नाही तिच्यावर नवा पट्टा, टेन्शनर, तेलसील आणि दिवसभराची मजुरी घालायची का? पण गाडी ठेवायची की नाही हा निर्णय मालकाने आधीच घेतलेला असतो. खासगी मोटारीला १५ वर्षे झाली की पुनर्नोंदणी करावी लागते. तिचे शुल्क १ एप्रिल २०२२ पासून ६०० रुपयांवरून ५,००० रुपयांवर गेले आणि पर्यावरण कर वेगळा. ते भरून पाच वर्षांची मुदत घेणाऱ्याने गाडी पाच वर्षे चालवायचे ठरवलेलेच आहे. मग त्याच वेळी पट्टा बदलणे हा सोपा नियम का करू नये? रबराचे वय आणि नोंदणीची मुदत इथे चांगल्या जुळतात. काम निघालेच आहे तर टेन्शनरचे बेअरिंग, दोन्ही तेलसील, आणि पाण्याचा पंप याच पट्ट्यावर फिरत असेल तर तोही त्याच वेळी पाहावा. जुने बेअरिंग जाम झाले तर नवा पट्टाही तेवढ्याच लवकर तुटतो, आणि सगळी खोलाखोल दुसऱ्यांदा करावी लागते.

मग साखळीच बरी नव्हती का? अलीकडच्या पुष्कळ इंजिनांत ती परतलीही आहे. साखळी जास्त काळ टिकते आणि सैल पडली की खडखडते, म्हणजे बोलते. पण तिला सतत स्वच्छ ऑइल लागते, आणि ऑइल बदलण्यात कुचराई झाली तर तीही ताणते. शिवाय ती बदलायची म्हणजे पट्ट्यापेक्षा कितीतरी जास्त इंजिन खोलावे लागते. पट्ट्याने इंजिन हलके, शांत आणि स्वस्त केले, आणि त्या बदल्यात एकच मागितले : ठरलेल्या वेळी मला बदला. छोट्या गावातल्या साध्या गॅरेजात, मोजक्या पान्यांनी होणारे हे काम आहे. मूर्तिजापूर, दर्यापूर, अंजनगाव इथला मिस्त्री ते अकोल्या-अमरावतीच्या मोठ्या वर्कशॉपइतकेच चोख करू शकतो. मात्र खुणा पुसण्याचे, दोन फेरे फिरवून पुन्हा तपासण्याचे जे अर्धा-पाऊण तासाचे काम आहे, त्याचेही मोल मालकाने दिले पाहिजे. ज्या कामाचे यश कुणाला दिसत नाही, त्यातच घाई पहिल्यांदा शिरते.

जून २०२२ मध्ये अमरावती-अकोला महामार्गावर १०५ तास ३३ मिनिटांत ७५ किलोमीटरचा डांबरी थर सलग अंथरला गेला आणि गिनीज बुकात त्याची नोंद झाली. रस्ता सुधारला, तशा जुन्या गाड्याही पूर्वीपेक्षा जास्त वेळ, जास्त फेऱ्यांवर धावू लागल्या. या गाड्या हात बदलतात, सर्व्हिसची पुस्तके हरवतात, मागच्या मालकाने पट्टा केव्हा बसवला हे नव्या मालकाला कुणी सांगत नाही. म्हणून काम संपवताना मिस्त्रीने एक गोष्ट जरूर करावी. कव्हरचे सगळे बोल्ट लावून झाले की त्याच पांढऱ्या रंगाने, ज्याने खुणांवर ठिपके दिले, कव्हरवर बाहेरून तारीख आणि मीटरचा आकडा लिहावा. पुढे कधी खामगावात किंवा परतवाड्यात ते बॉनेट दुसरा कुणी उघडेल, तेव्हा पट्ट्याचे वय त्याला तिथेच वाचता येईल.