परागंदा बालपण आणि परतीची वाट : गोविंद निहलानी यांचा चित्रपटप्रवास

परतण्यासाठी ठिकाण लागते. ज्याचे ठिकाणच सीमेपलीकडे गेले, त्याने परतावे कोठे, हा प्रश्न फाळणीनंतरच्या भारतीय साहित्याने वारंवार विचारला आहे. चित्रपटदिग्दर्शक गोविंद निहलानी यांची कारकीर्द या प्रश्नाच्या अनुषंगाने पाहिली, तर त्याचे एक वेगळेच उत्तर हाती लागते. ही परत भूमीकडे झालेली नाही. ती इतरांच्या साहित्यकृतींमधून झाली आहे.

निहलानींचा जन्म १९४० साली कराचीत, सिंधी कुटुंबात झाला. १९४७ मध्ये फाळणीमुळे हे कुटुंब निर्वासित होऊन उदयपूरला आले. पुढे त्यांनी बंगलोरच्या, म्हणजे आजच्या बेंगळूरुच्या, श्री जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये छायाचित्रणाचे शिक्षण घेतले आणि १९६२ साली ते पूर्ण केले. गुरुदत्तांचे छायाचित्रकार व्ही. के. मूर्ती हेही याच संस्थेचे विद्यार्थी. त्यांच्याच हाताखाली निहलानींनी मुंबईत उमेदवारी केली. स्वतःची भूमी गमावलेल्या मुलाला बंगलोरने दिली ती प्रकाशाची भाषा. कोणत्याही प्रांतात वापरता येईल अशी ही भाषा होती.

तिचा वापर निहलानींनी प्रथम इतरांसाठी केला. तेंडुलकरांच्या नाटकावरून सत्यदेव दुबे यांनी १९७१ साली केलेल्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या मराठी चित्रपटाचे छायाचित्रण त्यांचे. श्रीकृष्ण आलनहळ्ळी यांच्या कादंबरीवरून गिरीश कार्नाडांनी १९७३ मध्ये दिग्दर्शित केलेल्या ‘काडू’ या कन्नड चित्रपटाचेही त्यांनीच केले. दोन गावांमधला हिंसाचार किट्टी नावाच्या लहान मुलाच्या नजरेतून पाहणारा हा चित्रपट आहे. मोठ्यांचे वैर मुलाने पाहायचे आणि त्याचा अर्थ मात्र त्याला लागू नये, ही फाळणीतल्या बालपणाचीही स्थिती होय. या साम्यामागे हेतू होता असे म्हणण्याचे कारण नाही. परंतु अभ्यासकाने ते दुर्लक्षूही नये.

दिग्दर्शक म्हणून निहलानींचा पहिला चित्रपट ‘आक्रोश’ (१९८०). त्याची पटकथा तेंडुलकरांची. पत्नीच्या खुनाचा आरोप आलेला आदिवासी लहान्या भिकू आपल्या वकिलाशीही बोलत नाही. हा माणूस स्वतःच्याच भूमीत परका झालेला आहे. निर्वासितपणासाठी सीमा ओलांडावी लागतेच असे नाही, हा विचार येथे प्रथम स्पष्ट होतो. ‘अर्धसत्य’ (१९८३) हा श्री. दा. पानवलकरांच्या कथेवर, तर ‘पार्टी’ (१९८४) हा एलकुंचवारांच्या नाटकावर आधारलेला. मराठी साहित्य हा या प्रवासातील मोठा मुक्काम ठरला.

फाळणीकडे थेट परतणे घडले ते १९८८ साली दूरदर्शनवर आलेल्या ‘तमस’मध्ये. रावळपिंडीत जन्मलेल्या भीष्म साहनींची ही हिंदी कादंबरी. १९७० च्या दंगलीनंतरची भिवंडी पाहून साहनींना १९४७ ची रावळपिंडी आठवली आणि त्यातून कादंबरी सुचली, हे त्यांनीच नमूद केले आहे. म्हणजे मूळ कृतीही एका परतीतूनच जन्मली, आणि ती परत महाराष्ट्रातील एका गावातून झाली.

या परतीला विरोधही झाला. मालिकेचे प्रक्षेपण थांबवावे म्हणून मुंबई उच्च न्यायालयात दाद मागण्यात आली. न्यायमूर्ती लेंटिन व न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी मालिका स्वतः पाहिली आणि प्रक्षेपणाला परवानगी दिली. पुढे सर्वोच्च न्यायालयानेही फेब्रुवारी १९८८ मध्ये आव्हान फेटाळले. अशा कृतीचा परिणाम समंजस व खंबीर मनाच्या माणसाच्या दृष्टीने जोखावा, दुर्बळ मनाच्या माणसाच्या नव्हे, असा त्याचा निकष होता. जखम आठवल्याने ती चिघळते की भरून येते, हा वाद येथे साहित्यसमीक्षेच्या कक्षेबाहेर जाऊन न्यायासनापुढे आला होता, आणि निर्णय स्मरणाच्या बाजूने लागला.

सिंधीभाषक निर्वासित मुलाने मराठी, कन्नड आणि हिंदी कृतींच्या आधारे आपली वाट शोधली. भारतीय साहित्य ही संज्ञा अनेकदा केवळ बेरीज वाटते. परंतु ज्याला एकच घर उरले नाही त्याच्यासाठी ते प्रत्यक्ष आश्रयस्थान ठरू शकते. निहलानींची कारकीर्द हा त्याचा एक पुरावा आहे.