दोनशे पस्तीस खासदारांत एकटी बाई



गटाच्या बैठकीत आम्हाला एक प्रश्न हमखास विचारला जातो. "ताई, सगळे पुरुष बसलेले असतात, तिथं मी एकटी काय बोलणार?" म्हणून आज आम्ही तुम्हाला कॅनडा देशातल्या एका बाईंची गोष्ट सांगणार आहोत. त्यांचं नाव अ‍ॅग्नेस मॅकफेल.

अ‍ॅग्नेसबाई १८९० साली ओंटारिओ प्रांतातल्या ग्रे जिल्ह्यात, शेतकऱ्याच्या घरी जन्मल्या. शिकून शाळेत मास्तरीण झाल्या. शेतीच्या अवजारांवर जकात बसायची, त्यामुळे ती महाग पडायची, आणि पिकवलेल्या मालाला मात्र भाव नसायचा. हे त्या घरात रोज बघत होत्या. म्हणून त्या शेतकऱ्यांच्या संघटनेत गेल्या, सभांमधून बोलू लागल्या, शेतकऱ्यांच्या वर्तमानपत्रात लिहू लागल्या.

कॅनडात बहुतेक बायकांना देशाच्या निवडणुकीत मताचा हक्क मिळाला तो १९१८ साली. पुढे १९२१ च्या निवडणुकीत संघटनेनं अ‍ॅग्नेसबाईंना उभं केलं. बाई उमेदवार म्हटल्यावर कुरकूर झालीच, पण त्या मागे हटल्या नाहीत. निवडून आल्या आणि कॅनडाच्या पहिल्या महिला खासदार ठरल्या. सभागृहात एकूण २३५ जागा, त्यात बाई एकच! दुसरी बाई निवडून यायला १९३५ साल उजाडलं. म्हणजे चौदा वर्षं त्या एकट्याच होत्या.

एकट्या असून त्यांनी काय केलं, ते ऐका. १९२९ साली राष्ट्रसंघाच्या सभेसाठी त्या जिनिव्हाला गेल्या. कॅनडाच्या प्रतिनिधींमध्ये बाई जाण्याची ती पहिलीच वेळ. बाईला बायका-मुलांच्या प्रश्नांच्या समितीवर बसवायचं, अशी तिथली रीत. अ‍ॅग्नेसबाईंनी आग्रह धरला, की मला शस्त्रं कमी करण्याच्या समितीवर घ्या. आणि त्या तिथं बसल्या. ग्रामपंचायतीत गेलेल्या मैत्रिणींना यातली गोम चटकन कळेल. महिला-बालकल्याणाचं काम महत्त्वाचंच आहे, पण पाणी, रस्ते आणि हिशेबही आपलेच आहेत.

दुसरं मोठं काम तुरुंगांचं. किंग्स्टनच्या तुरुंगात कैद्यांना फटके मारायचे, त्यांच्या हाताला धड काम नाही, शिक्षण नाही. अ‍ॅग्नेसबाई स्वतः आत जाऊन बघून आल्या आणि संसदेत वर्षानुवर्षं हाच विषय मांडत राहिल्या. कैद्यांची मतं मिळणार नव्हती, उलट लोकांची बोलणी खावी लागली. अखेर १९३६ साली सरकारनं चौकशी आयोग नेमला. १९३८ साली त्यानं अहवाल दिला, त्यात ८८ शिफारशी होत्या. मग महायुद्ध आलं आणि सुधारणा लांबल्या. युद्ध संपल्यावर त्या हळूहळू सुरू झाल्या.

१९४० साली अ‍ॅग्नेसबाई निवडणूक हरल्या. वय पन्नास, लग्न केलेलं नाही, पेन्शन नाही. पोटासाठी त्यांनी वर्तमानपत्रात शेतीवर सदर लिहिलं. पण घरी बसल्या नाहीत. १९४३ साली ओंटारिओच्या विधानसभेत निवडून आल्या. त्या वेळी त्यांच्यासोबत रे लकॉक नावाच्या आणखी एक बाई होत्या. त्या सभागृहातल्या या पहिल्या दोन महिला. १९४५ ला अ‍ॅग्नेसबाई पुन्हा हरल्या, १९४८ ला पुन्हा जिंकल्या.

या काळात त्यांनी एक मागणी लावून धरली. काम सारखं, तर बाईला पैसेही पुरुषाइतकेच. १९५१ साली ओंटारिओत तसा कायदा झाला. कॅनडातला असा तो पहिला कायदा. त्याच वर्षी त्या निवडणूक हरल्या, आणि १९५४ साली वारल्या. पुढे २०१७ साली कॅनडानं दहा डॉलरची खास नोट काढली, तिच्यावर त्यांचं चित्र आहे.

समान वेतनाचा कायदा आपल्या देशातही १९७६ साली झाला. तरी तुमच्या गावात खुरपणीला बाईचा रोज किती आणि गड्याचा किती, हे तुम्हीच आम्हाला सांगा. पुढच्या बैठकीत दोन्ही आकडे वहीत लिहा आणि तीच वही घेऊन ग्रामसभेला जा. बोलायला एकच जण उठली तरी चालेल. बाकीच्यांनी तिच्या शेजारी बसा.