बदलीचा कागद

मागच्या महिन्यात दुपारचं आवरून जरा आडवी होणार, तेवढ्यात दाराची कडी वाजली. दारात आमच्या बचत गटातली एक बाई, हातात घडी घातलेला कागद. "वहिनी, वाचा जरा. मला इथनं हलवलंय."

नवरा गेल्यापासून अकरा वर्षं ही एका देवस्थानात कामाला आहे. पहाटेचा सडा, समया घासणं, प्रसादाची भांडी. आता सोमवारपासून तिने त्याच ट्रस्टच्या दुसऱ्या देवळात हजर व्हायचं होतं. ते पोलादपूरच्याही पुढे, एसटी दिवसातून दोनदा. घरी दहावीतली मुलगी आणि अंथरुणाला खिळलेल्या सासूबाई. पंधरा दिवसांपूर्वी हिने प्रॉव्हिडंट फंडाचा हिशेब मागितला होता. याला योगायोग म्हणायचं तर म्हणा!

देवळातल्या माणसाची बदली होते, याचंच मला नवल वाटलं. पूर्वी खरंच होत नसे. पंढरपूरचे बडवे, उत्पात पिढीजात हक्काने सेवा करत. त्यांना कोण हलवणार? १९७३च्या पंढरपूर मंदिर कायद्याने ते हक्क गेले. त्यावर कोर्टकज्जे चालले ते थेट जानेवारी २०१४ पर्यंत, सुप्रीम कोर्टात निकाल लागेस्तोवर. त्याच वर्षी मंदिर समितीने पुजारी नेमण्यासाठी मुलाखती घेतल्या, त्यात बायकाही होत्या. मला त्याचा फार आनंद झाला होता. पण हक्क जाऊन पगार आला, की पगारामागून बदलीही येते, हे तेव्हा ध्यानात आलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिला घेऊन ओळखीच्या वकिलांकडे गेले. त्यांनी पहिलंच विचारलं, "नेमणुकीचं पत्र?" ते तिला कधी मिळालंच नव्हतं. शिर्डी, सिद्धिविनायक, पंढरपूर ही देवस्थानं खास कायद्याने चालतात, तिथला माणूस हायकोर्टात रिट घेऊन जाऊ शकतो. साध्या ट्रस्टच्या नोकराला ती वाट सहसा मिळत नाही. तिथे नेमणुकीच्या अटी आणि ट्रस्टची घटना बघायची.

आणि कोर्टात गेलं तरी बदली हा नोकरीचाच भाग, असं न्यायाधीश मानतात. नियम मोडला असेल, अधिकार नसलेल्याने सही केली असेल किंवा आकसाने केलं हे सिद्ध झालं, तरच हात घालतात. आकस म्हणायचा तर कुणाचा, कशावरून, ते नावानिशी मांडावं लागतं. नुसतं "माझ्यावर डूख धरलाय" चालत नाही.

बिहारमधल्या शिक्षिकांचा एक खटला वकिलांनी सांगितला. नवऱ्याच्या गावाजवळ बदली मागून घेतलेल्या बायकांविरुद्ध, त्यांच्यामुळे हलवलेले शिक्षक कोर्टात गेले. १९९१ साली सुप्रीम कोर्टाने त्या बदल्या कायम ठेवल्या. दुसरा खटला गुजरात वीज मंडळाचा. सुरतेहून उकाईला बदली झालेला कर्मचारी हजरच झाला नाही, तर त्याची नोकरी गेली, आणि १९८९ साली सुप्रीम कोर्टातही ती गेली ती गेलीच. "तेव्हा बाई, आधी हजर व्हा, मग भांडा," वकील म्हणाले.

परतताना चवदार तळ्याच्या पायरीवर टेकलो. २० मार्च १९२७ला बाबासाहेबांनी इथलं पाणी ओंजळीत घेतलं, हे तिला पाठ. पण वीरेश्वराच्या देवळात शिरणार अशी अफवा उठून त्याच दिवशी मारहाण झाली, आणि डिसेंबरात तळं खासगी आहे म्हणून इथल्याच कोर्टात दावा पडला, हे नवीन होतं. महाडचा निकाल १९३१ साली लागला, मुंबई हायकोर्टाचा १७ मार्च १९३७ला.

"दहा वर्षं?" ती म्हणाली. "तोवर माझी पोर दोन लेकरांची आई होईल, वहिनी."

सोमवारी ती हजर झाली. सोबत वकिलांनी लिहिलेला अर्ज दिला: हक्क राखून हजर होत आहे, बदलीचा विश्वस्तांनी केलेला ठराव दाखवावा. कागदावर सही एकट्या व्यवस्थापकाची होती ना! अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच मात्र आठवणीने घेतली. ट्रस्टच्या घटनेची नक्कल अलिबागच्या धर्मादाय कार्यालयातून मागवली आहे. ठराव अजून कुणी दाखवलेला नाही.

सासूबाईंकडे दुपारी गटातल्या बायका आळीपाळीने बघतात. परवा माझ्याकडे भाजी निवडता निवडता ती सांगत होती, नव्या देवळातल्या दोघींनीही आता फंडाचा हिशेब मागितलाय.