जान पहचान हो (गीत)

'जान पहचान हो' हे १९६५ साली प्रदर्शित झालेल्या 'गुमनाम' या हिंदी चित्रपटातील नृत्यगीत आहे. शंकर–जयकिशन यांनी संगीत दिलेले हे गीत मोहम्मद रफी यांनी गायिले. पडद्यावर ते नर्तिका लक्ष्मी छाया, नृत्यदिग्दर्शक हर्मन बेंजामिन आणि मुंबईतील 'टेड लायन्स अँड हिज कब्ज' या वाद्यवृंदाने सादर केले आहे. विजेवरील गिटारचे धावते सूर, ड्रमचा जलद ठेका आणि तरुणांचा सामूहिक नाच यांमुळे हे गीत त्याच काळातील अमेरिकेतील 'बीच पार्टी' चित्रपटांशी आणि त्यांतील सर्फ संगीताशी जवळचे नाते सांगते. अमेरिकेतील ती लाट आणि मुंबईच्या चित्रपटसंगीतातील तिचे भावंड यांचा परस्परसंबंध, तसेच त्यांतील फरक, समजून घेण्यासाठी हे गीत उपयुक्त उदाहरण ठरते.

अमेरिकेतील बीच पार्टी चित्रपट

समुद्रकिनारा, उन्हाळ्याची सुटी, तरुण-तरुणींचे थवे, हलकेफुलके प्रेम, थोडा गोंधळ आणि भरपूर नाचगाणी या सामग्रीवर आधारलेल्या अमेरिकी विनोदपटांना 'बीच पार्टी चित्रपट' म्हणतात. १९५९ सालच्या 'गिजेट' या चित्रपटाने लाटांवर फळीवरून स्वार होण्याच्या खेळाचे, म्हणजे सर्फिंगचे, आकर्षण देशभर पोहोचविले. १९६३ मध्ये अमेरिकन इंटरनॅशनल पिक्चर्स या संस्थेने विल्यम ॲशर यांच्या दिग्दर्शनाखाली 'बीच पार्टी' हा चित्रपट काढला आणि त्याच्या यशानंतर 'मसल बीच पार्टी' (१९६४), 'बिकिनी बीच' (१९६४), 'बीच ब्लँकेट बिंगो' (१९६५) असे चित्रपट एकामागून एक आले. फ्रँकी ॲव्हलॉन आणि ॲनेट फुनिचेलो ही त्यांतील प्रमुख जोडी होती.

या चित्रपटांचे एक वैशिष्ट्य म्हणजे त्यांत आईवडील जवळजवळ दिसतच नाहीत. शाळा, घर, नोकरी यांचा धाक नसलेले एक काल्पनिक जग त्यांत उभे केलेले असते. हार्वी लेम्बेक यांनी रंगविलेला मोटारसायकलस्वारांच्या टोळीचा म्होरक्या हा त्यांतील खलनायक. पण त्यालाही कोणी भीत नाही, सारे त्याला हसतात. हे चित्रपट अल्प खर्चात व थोड्या आठवड्यांत तयार होत. मोटारीत बसूनच चित्रपट पाहण्याची सोय असलेल्या उघड्या मैदानांतील चित्रपटगृहांत उन्हाळ्यात जमणारा तरुण वर्ग हा त्यांचा हुकमी प्रेक्षक होता. ऋतू आणि करमणूक यांची अशी सांगड महाराष्ट्रातही आढळते. चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा व गोंदिया जिल्ह्यांतील झाडीपट्टी रंगभूमीचा हंगाम धानाची कापणी उरकल्यावर, दिवाळीपासून होळीपर्यंत चालतो; मंडई आणि शंकरपट यांच्या निमित्ताने गावात पाहुणे जमले, की रात्रभर नाटक रंगते. प्रेक्षकांच्या हाती वेळ आणि चार पैसे केव्हा असतात, हे ओळखूनच दोन्हीकडचा व्यवसाय उभा राहिला.

सर्फ संगीत

सर्फ संगीत हा १९६०च्या दशकाच्या आरंभी दक्षिण कॅलिफोर्नियात उदयास आलेला रॉक संगीताचा प्रकार होय. त्याचे दोन प्रवाह मानले जातात: एक, केवळ वाद्यांचा, गिटारप्रधान, आणि दुसरा, 'द बीच बॉइज' यांच्यासारख्या गटांचा, अनेक आवाजांच्या मेळातून गायिला जाणारा.

पहिल्या प्रवाहाचा अध्वर्यू डिक डेल हा गिटारवादक होता. १९६१च्या सुमारास बाल्बोआ येथील रॉन्देव्हू बॉलरूम या नृत्यगृहात त्याचे कार्यक्रम गाजू लागले. त्याच वर्षी त्याचे 'लेट्स गो ट्रिपिन' हे वादन ध्वनिमुद्रित झाले. लिओ फेंडर या वाद्यनिर्मात्याने त्याच्या मोठ्या आवाजाला पुरे पडतील असे ध्वनिवर्धक तयार केले. 'बीच पार्टी' आणि 'मसल बीच पार्टी' या चित्रपटांत डेल स्वतः पडद्यावर दिसतो. १९६३ मध्ये 'द सर्फारिज' यांचे 'वाइप आउट' आणि 'द शान्टेज' यांचे 'पाइपलाइन' ही वादने लोकप्रिय झाली.

या संगीताचा ओला, घुमणारा नाद 'रिव्हर्ब' नावाच्या उपकरणातून येतो. त्यात ध्वनीचा विद्युतसंकेत बारीक स्प्रिंगांमधून पाठविला जातो. स्प्रिंगा थरथरत राहतात आणि मूळ स्वरामागे त्याचा घुमारा रेंगाळतो. दुसरे वैशिष्ट्य म्हणजे एकाच तारेवर खाली-वर अतिजलद आघात करण्याची पद्धत. सतारीवरील झाला ऐकलेल्या श्रोत्याला या पद्धतीतील उत्कंठा चटकन ओळखू येते, जरी दोहोंची बांधणी वेगळी असली तरी.

डिक डेलची १९६२ सालची 'मिसिर्लू' ही सर्वांत प्रसिद्ध रचना मुळात कॅलिफोर्नियाची नव्हे. ती पूर्व भूमध्य सागराच्या परिसरातील जुनी लोकधून असून, १९२७ मध्ये ग्रीक गायक टेटोस डेमेट्रियाडिस यांच्या आवाजात तिचे ध्वनिमुद्रण झाले होते. डेलचे वडील लेबनॉनच्या वंशाचे होते, त्यामुळे अरबी वाद्यसंगीत त्याने बालपणीच ऐकले होते. या धुनेत कोमल रिषभ, शुद्ध गंधार, कोमल धैवत आणि शुद्ध निषाद असे स्वर येतात. म्हणजे तिची स्वरसप्तकाची चौकट आपल्या भैरव थाटाशी जुळते. 'अस्सल अमेरिकी' म्हणून ओळखल्या गेलेल्या संगीताच्या मुळाशी पूर्वेकडील स्वर असावेत, ही लक्षात घेण्याजोगी गोष्ट आहे.

मुंबईतील पूर्वपरंपरा

'जान पहचान हो' हे गीत अकस्मात अवतरलेले नाही. मुंबईतील हॉटेले व नृत्यगृहे यांत १९३०च्या दशकापासून जॅझ वाजत होते आणि त्यांतील बहुसंख्य वादक गोमंतकीय ख्रिस्ती होते. गोव्यातील चर्चशी जोडलेल्या शाळांत मुलांना पाश्चात्त्य स्वरलेखन आणि वाद्यवादन शिकविले जाई. स्वरलिपी वाचता येणारे हे वादक पुढे चित्रपटसंगीताचा कणा बनले. १९५१च्या 'अलबेला' या भगवानदादांच्या चित्रपटात आल्दोना गावचे ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट आपल्या वाद्यवृंदासह पडद्यावर दिसतात. त्याच चित्रपटाचे संगीतकार सी. रामचंद्र, मूळचे पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर, यांनी १९५७च्या 'आशा' चित्रपटातील 'ईना मीना डीका' या गीतात रॉक अँड रोलचा ठसका मराठी-हिंदी कानांना सहज रुचेल अशा रीतीने आणला.

ट्विस्ट नृत्याची लाट १९६०नंतर जगभर पसरली. १९६५ साली मेहमूद यांनी दिग्दर्शित केलेल्या 'भूत बंगला' या चित्रपटात राहुलदेव बर्मन यांनी ट्विस्टवर आधारित गीत दिले. या चित्रपटात तरुणांचा क्लब, विनोद आणि भुताटकीचा वाडा यांचा मेळ होता. त्याच वर्षीच्या 'जानवर'मध्ये केसांचे टोप घातलेले वादक बीटल्सच्या १९६३ सालच्या गाण्याच्या चालीवर वाजविताना दिसतात. १९६६च्या 'तीसरी मंझिल'मध्ये तर शम्मी कपूर यांची नायकाची भूमिकाच हॉटेलात ड्रम वाजविणाऱ्या कलावंताची होती.

चित्रपटातील स्थान व चित्रीकरण

'गुमनाम'चे निर्माते एन. एन. सिप्पी आणि दिग्दर्शक राजा नवाथे होते. मनोजकुमार, नंदा, प्राण, हेलन, मेहमूद, मदन पुरी आणि धुमाळ यांच्या त्यात भूमिका आहेत. कथानक ॲगाथा ख्रिस्ती यांच्या १९३९ सालच्या प्रसिद्ध रहस्यकादंबरीवर सैलपणे बेतलेले आहे. एका क्लबातील सोडतीत बक्षीस मिळालेले लोक विमानप्रवासाला निघतात, अनोळखी ठिकाणी अडकतात आणि एकेकाचा खून होऊ लागतो.

'जान पहचान हो' हे गीत या सोडतीपूर्वी क्लबात होते. रंगमंचावर वाद्यवृंद, पुढे नाचणारी जोडपी, सर्वांच्या डोळ्यांवर काळे मुखवटे आणि मधोमध चमकत्या पोशाखातील लक्ष्मी छाया अशी त्याची रचना आहे. मान आणि खांदे झटक्यांनी हलविण्याची तिची नृत्यशैली गिटारच्या तुटक आघातांशी नेमकी जुळते. मुखवट्यांना कथेच्या दृष्टीनेही अर्थ आहे: ज्या गीतात ओळख व्हावी अशी इच्छा व्यक्त होते, त्यातच साऱ्यांचे चेहरे झाकलेले आहेत, आणि पुढे खुनी कोण, हाच चित्रपटाचा प्रश्न ठरतो.

समुद्रकिनाराही या चित्रपटात आहे. हेलनचे जगण्याचा आनंद लुटण्यास सांगणारे, लता मंगेशकर यांनी गायिलेले गीत किनाऱ्यावरच चित्रित झाले आहे. परंतु तेथील आनंदावर मृत्यूची छाया आहे. अमेरिकी किनारापटांतील निश्चिंतपणा 'गुमनाम'च्या किनाऱ्यावर नाही.

साम्य आणि भेद

दोन्हीकडे विजेची गिटार हे तारुण्याचे चिन्ह बनले. दोन्हीकडे वाद्यवृंद पडद्यावर दाखविण्याची पद्धत होती आणि कथा थांबवून नाच सुरू होई. फरक मात्र मूलभूत आहेत. अमेरिकेत हा स्वतंत्र चित्रपटप्रकार होता. हिंदीत तो तीन तासांच्या चित्रपटातील एका गाण्यापुरता मर्यादित राहिला. तेथील तरुणांची मोकळीक किनाऱ्यावर, दिवसाउजेडी दिसे; येथे ती क्लबाच्या भिंतींआड, रात्रीच्या दिव्यांत दाखविली जाई.

याहून महत्त्वाचा भेद सामाजिक आहे. हिंदी चित्रपटात नायिका बहुधा अशा नाचापासून दूर राही. क्लबात नाचणारी स्त्री वेगळी, आणि पुष्कळदा तिचे नाव व वेश ख्रिस्ती समाजाकडे बोट दाखविणारे असत. ज्या समाजातील वादकांनी हे संगीत घडविले, त्याच समाजाचे चित्रण पडद्यावर 'परके' आणि 'सैल' असे होत राहिले. १९७३च्या 'बॉबी'मध्ये गोमंतकीय ख्रिस्ती मुलगी किशोरवयीन प्रेमकथेची नायिका झाली, तेव्हा या प्रथेला मोठा छेद गेला.

वादकांच्या श्रेयाचा प्रश्न

त्या काळातील चित्रपटगीतांच्या तबकड्यांवर गायक, संगीतकार व गीतकार यांची नावे छापली जात, वादकांची नसत. शंकर–जयकिशन यांच्या रचनांचे वाद्यसंयोजन करणारे सेबास्टियन डिसोझा आणि तालाची बाजू सांभाळणारे दत्ताराम वाडकर हे त्यांच्या यशाचे मोठे वाटेकरी होते. तरी सामान्य श्रोत्यापर्यंत त्यांची नावे फारशी पोहोचली नाहीत. वादकांना प्रत्येक ध्वनिमुद्रणाचे ठरावीक मानधन मिळे. गीत पुढे कितीही वाजले तरी त्यात त्यांचा वाटा नसे. ग्रेगरी बूथ यांचे 'बिहाइंड द कर्टन' (२००८) आणि नरेश फर्नांडिस यांचे 'ताज महाल फॉक्सट्रॉट' (२०१२) या ग्रंथांनी मुंबईच्या अशा वादकांचा इतिहास प्रकाशात आणला.

या पार्श्वभूमीवर 'जान पहचान हो'मध्ये ड्रमवर लिहिलेले वाद्यवृंदाचे नाव विशेष ठरते. चित्रीकरणात सहज टिपल्या गेलेल्या त्या अक्षरांमुळे टेड लायन्स आणि त्यांचे साथीदार विस्मृतीतून वाचले.

प्रसार आणि उत्तरकाळ

बा. वि. केसकर हे केंद्रीय माहिती व नभोवाणी मंत्री असताना (१९५२–१९६२) आकाशवाणीवर चित्रपटगीतांना मज्जाव झाल्यासारखी स्थिती होती. श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. १९५२ पासून अमीन सयानी यांची 'बिनाका गीतमाला' तेथून प्रसारित होऊ लागली. लघुलहरींवरील हे प्रक्षेपण दूर अंतरावर पोहोचत असल्याने शहरांपासून लांब असलेल्या गावांतही ही गाणी ऐकली गेली. आकाशवाणीने १९५७ मध्ये 'विविध भारती' सुरू करून या लोकप्रियतेची दखल घेतली. ज्या संगीताला 'उथळ' म्हणून दूर ठेवले गेले, ते अशा रीतीने अधिकच दूरवर पसरले.

अमेरिकेत १९६४ मध्ये बीटल्सच्या आगमनानंतर सर्फ संगीत मागे पडले आणि १९६६–६७ पर्यंत बीच पार्टी चित्रपटही संपले. 'मिसिर्लू'ला १९९४च्या 'पल्प फिक्शन' या चित्रपटाने पुनर्जन्म दिला. 'जान पहचान हो'चेही तसेच झाले. २००१ मध्ये टेरी झ्विगॉफ यांच्या 'घोस्ट वर्ल्ड' या अमेरिकी चित्रपटाचा आरंभ याच गीताने झाला: एक एकाकी किशोरवयीन मुलगी आपल्या खोलीत हे दृश्य लावून त्याबरोबर नाचते. २०११ मध्ये एका आंतरराष्ट्रीय जाहिरातीतही ते वापरले गेले.

पश्चिमेकडून मुंबईत आलेली गिटारची लय छत्तीस वर्षांनी मुंबईचा पेहराव घालून पश्चिमेकडे परतली. लक्ष्मी छाया यांचे २००४ मध्ये निधन झाले. तोपर्यंत त्यांचे हे नृत्य हिंदी न समजणाऱ्या नव्या प्रेक्षकांपर्यंत पोहोचले होते.